हरवलेले मेंढरू आणि निघून गेलेला पुत्र

पवित्र शास्त्राच्या पहिल्या काही पानांत देव माणसाला जे प्रश्न विचारतो, त्यांपैकी दोन ठावठिकाण्याविषयी आहेत. झाडांआड लपलेल्या आदामाला तो स्वतःचे ठिकाण विचारतो. पुढे शेतात रक्त सांडल्यावर काइनाला हाबेलाचे ठिकाण विचारतो. सर्वज्ञ देवाला ठिकाण ठाऊक नव्हते असे कोण म्हणेल? ज्याला प्रश्न विचारला त्याने आपल्या तोंडाने उत्तर द्यावे, यासाठीच तो प्रश्न होता. काइनाने उत्तर टाळले, आणि भावाची राखण करणे हे काय आपले काम आहे, असा उलट सवाल केला. जगातील पहिल्या बेपत्ता माणसाविषयी केलेल्या चौकशीला मिळालेले हे पहिले उत्तर होय.

मनुष्याच्या कायद्यातही याच जातीचा एक प्रश्न आहे. त्याला हेबियस कॉर्पस म्हणतात. या लॅटिन शब्दांचा भावार्थ, ज्याला तुम्ही अटकावून ठेवले आहे त्याला सदेह न्यायालयापुढे आणा, असा आहे. आपल्या राज्यघटनेच्या मराठी पाठात त्यास ‘देहोपस्थिती’ असा शब्द योजला आहे. अनुच्छेद ३२ अन्वये सर्वोच्च न्यायालयाकडे आणि अनुच्छेद २२६ अन्वये उच्च न्यायालयाकडे ही दाद मागता येते. कोठडीतल्या माणसाला स्वतः दाराशी येता येत नाही, म्हणून त्याच्या वतीने आई, भाऊ, मित्र, किंबहुना कोणीही हितचिंतक येऊ शकतो. न्यायालय मग ताबा ठेवणाऱ्याला विचारते, हा मनुष्य कोठे आहे आणि कोणत्या अधिकाराने तुम्ही त्याला ठेवले आहे? त्या मनुष्याची योग्यता, त्याचे मत वा त्याचा धर्म विचारात न घेताच हा प्रश्न विचारला जातो.

या प्रश्नाच्या दोन बाजू आहेत. त्यांपैकी एक आपल्याला सहज पटते आणि दुसरी पटवून घ्यावी लागते. प्रस्तुत लेखात दोन्हींचा विचार करावयाचा आहे. आणि त्यासाठी दक्षिणेतील एका न्यायालयाकडे पाहणे उपयुक्त ठरेल.

चेन्नईत जॉर्ज टाऊनच्या कडेला, समुद्रापासून फार दूर नाही अशा जागी, तांबड्या विटांची व घुमटांची एक भव्य वास्तू उभी आहे. न्यायालय स्थापन झाले १८६२ साली, ही इमारत खुली झाली १८९२ साली. शहराचे नाव १९९६ साली बदलले, तरी न्यायालय अजून मद्रास उच्च न्यायालय म्हणूनच ओळखले जाते. तेथे देहोपस्थितीच्या याचिका दोन न्यायमूर्तींच्या खंडपीठापुढे चालतात. त्यांतील पुष्कळशा प्रतिबंधक स्थानबद्धतेविरुद्ध असतात. परंतु दुसरा एक प्रवाहही तेथे सतत येत असतो, आणि तो म्हणजे हरवलेल्यांच्या आप्तांचा.

माणूस हरवतो तेव्हा घरचे लोक प्रथम नातलगांकडे, मग इस्पितळांत, मग पोलीस ठाण्यात जातात. तेथे ‘मिसिंग’ची नोंद होते. नोंद होणे आणि शोध होणे या दोन निराळ्या गोष्टी आहेत, हे कुटुंबाला काही दिवसांतच उमजते. मुलगी असेल तर ती कोणाबरोबर तरी गेली असेल. मुलगा असेल तर खिसा रिकामा झाल्यावर परत येईल. वृद्ध असेल तर घरात कोणी टाकून बोलले असेल, अशी उत्तरे कानी पडू लागतात. आई रोज ठाण्याच्या बाकावर बसून येते. शेवटी कोणी वकील सांगतो की उच्च न्यायालयात हेबियस कॉर्पस दाखल करा, म्हणजे तपास हलेल.

येथे एक कायदेशीर अडचण उभी राहते, आणि तिच्या पोटात नैतिक प्रश्न दडलेला आहे. देहोपस्थितीचा आदेश ताबा ठेवणाऱ्याच्या नावे निघतो. हरवलेल्या माणसाच्या बाबतीत तो कोणाच्या ताब्यात आहे, हेच मुळी ठाऊक नसते. म्हणून अनेक न्यायालयांनी वेळोवेळी असे म्हटले आहे की बेकायदा अटकेचा निदान काही आधार दाखविल्यावाचून, केवळ माणूस सापडत नाही एवढ्यावर ही याचिका चालणार नाही. त्यासाठी पोलीस तपासाचा नेहमीचा मार्ग आहे. तर्कदृष्ट्या हे म्हणणे निर्दोष आहे. न्यायालय काही शोधपथक नव्हे.

तरीही लोक याचिका घेऊन येतात, आणि न्यायमूर्ती पुष्कळदा पोलिसांना नोटीस काढतात. याचे कारण असे की, त्या नोटिशीनंतर जे काम ठाण्यात महिनोन्‌महिने झाले नाही ते आठवड्यात सुरू होते. अधिकाऱ्याला उभे राहून आपण काय केले हे सांगावे लागते. गरीब आईला जे उत्तर कोणी दिले नाही, ते उत्तर न्यायासनाला द्यावे लागते. हा त्या याचिकेचा दुरुपयोग म्हणावा काय?

मला तसे वाटत नाही. ज्या शासनाने नागरिकाच्या हातून बळाचा वापर काढून घेतला, शोध घेण्याचा, झडती घेण्याचा, अटक करण्याचा अधिकार आपल्याकडे ठेवला, त्याने राखणदारी पत्करली आहे. राखणदारी पत्करल्यावर काइनाचा उलट सवाल त्याला करता येत नाही. उत्तर प्रदेशातील एका अल्पवयीन मुलीच्या बापाने २००८ साली पोलिसांत अर्ज दिला. कोणी हालचाल करीना. वरिष्ठांकडे गेल्यावर गुन्हा नोंदला गेला, पण शोध तरीही लागेना. तेव्हा त्याने देहोपस्थितीसाठी थेट सर्वोच्च न्यायालयाचे दार ठोठावले. ललिता कुमारी खटला या नावाने ते प्रकरण प्रसिद्ध आहे. त्यातून घटनापीठाने १२ नोव्हेंबर २०१३ रोजी असा दंडक घालून दिला की दखलपात्र गुन्ह्याची माहिती मिळाल्यावर प्रथम माहिती अहवाल नोंदविणे पोलिसांवर बंधनकारक आहे. त्याच वर्षी मे महिन्यात, बचपन बचाओ आंदोलनाच्या याचिकेवर, हरवलेल्या बालकाबाबत अपहरण वा विक्री झाली असावी असे गृहीत धरूनच तपास सुरू करावा, असाही आदेश झाला होता. आज देशातील कोणत्याही ठाण्यात ‘येईल परत’ असे सांगून बापाला वाटेला लावता येत नाही. निदान लावू नये असा कायदा आहे. तो एका हेबियस कॉर्पसमधून उगवला.

चेन्नईतील एक प्रकरण या दृष्टीने पाहण्याजोगे आहे. २२ मे २०१८ रोजी तुतुकुडी येथे तांब्याच्या कारखान्याविरुद्ध निघालेल्या मोर्चावर पोलिसांनी गोळीबार केला आणि १३ माणसे मृत्युमुखी पडली. त्या प्रकरणी अधिकाऱ्यांवर आरोप करणारी पत्रकार परिषद मुगिलन नामक पर्यावरण कार्यकर्त्याने १५ फेब्रुवारी २०१९ रोजी चेन्नईत घेतली, आणि त्याच रात्री एग्मोर स्थानकातून निघालेला हा मनुष्य दिसेनासा झाला. मानवी हक्कांचे कार्य करणारे हेन्री टिफेन यांनी मद्रास उच्च न्यायालयात देहोपस्थितीची याचिका केली. तपास राज्याच्या गुन्हे अन्वेषण शाखेकडे गेला, आणि न्यायालय पुनःपुन्हा अहवाल मागू लागले. ६ जुलै २०१९ रोजी, म्हणजे १४१ दिवसांनी, मुगिलन तिरुपती रेल्वे स्थानकात आढळले. त्यानंतर एका वेगळ्या तक्रारीवरून त्यांना अटकही झाली. त्या तक्रारीचा निवाडा ज्याने त्याने आपल्या जागी करावा. येथे ध्यानात घ्यावयाचे ते एवढेच की, मनुष्य दोषी की निर्दोष, हे ठरण्याच्या आधी तो आहे कोठे याचे उत्तर मिळाले पाहिजे, आणि ते १४१ दिवस कोणीतरी मागत राहिले.

परंतु प्रत्येक चौकशीचा शेवट असा होत नाही. मणिपूरमधील उखरुल जिल्ह्यात हुइनिंग नावाचे नागा ख्रिस्ती बांधवांचे गाव आहे. तेथील शाळेचे मुख्याध्यापक सी. डॅनियल आणि बॅप्टिस्ट मंडळीचे सहायक पाळक सी. पॉल यांना मार्च १९८२ मध्ये लष्कराच्या छावणीत नेण्यात आले. ते घरी परतले नाहीत. दिल्लीच्या जवाहरलाल नेहरू विद्यापीठात शिकणाऱ्या सेबास्टियन होंग्रे या तरुणाने सर्वोच्च न्यायालयात देहोपस्थितीची याचिका केली. ते दोघे छावणीतून निघून गेले, असे उत्तर आले. न्यायालयाला ते पटले नाही. नोव्हेंबर १९८३ मध्ये दोघांना हजर करण्याचा आदेश निघाला. कोणीही हजर झाले नाही. अखेर एप्रिल १९८४ मध्ये न्यायालयाने, दोघांचाही अनैसर्गिक मृत्यू झाला असावा असा निष्कर्ष काढला, न्यायालयाच्या अवमानाबद्दल दोघांच्या पत्नींना प्रत्येकी एक लाख रुपये देण्यास शासनास सांगितले, आणि पोलिसांना गुन्हा नोंदवून तपास करण्याचा आदेश दिला.

एका पाळकाचा देह त्याच्या मंडळीला पुरावयास मिळाला नाही. ख्रिस्ती मनुष्याला या दुःखाचा अर्थ सांगावा लागत नाही. कारण पुनरुत्थानाच्या सकाळी बागेत रडत उभी असलेली मग्दालिया मरीया प्रभूच्या देहाचा ठावठिकाणाच विचारीत होती. कोठे ठेवला ते कळले तर आपण घेऊन जाऊ, एवढीच तिची मागणी होती.

केरळातील राजन या विद्यार्थ्याची कथाही तशीच. कालिकतच्या प्रादेशिक अभियांत्रिकी महाविद्यालयातून त्याला १ मार्च १९७६ रोजी पोलिसांनी उचलले. आणीबाणी चालू होती. त्याचे वडील टी. व्ही. ईचर वारियर हे हिंदीचे प्राध्यापक. ते दारोदार हिंडले. देहोपस्थितीची याचिका त्यांना मार्च १९७७ मध्ये, आणीबाणी उठल्यावरच करता आली. राजनला अटकच झाली नव्हती, असे शासनाने प्रतिज्ञेवर सांगितले. उच्च न्यायालयाने ते खोटे ठरविले, आणि आणीबाणीत गृहमंत्री असलेले व त्या वेळी नुकतेच मुख्यमंत्री झालेले के. करुणाकरन यांना एप्रिल संपण्यापूर्वी पायउतार व्हावे लागले. मुलाचा देह मात्र बापाला अखेरपर्यंत मिळाला नाही. वारियर २००६ साली निवर्तले.

ही याचिका आणीबाणीत का करता आली नाही, तेही आपण विसरू नये. २८ एप्रिल १९७६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने चार विरुद्ध एक अशा मताने ठरविले की आणीबाणीत देहोपस्थितीची दाद मागता येणार नाही. देशातील नऊ उच्च न्यायालयांनी आधी दिलेला कौल त्यामुळे रद्द झाला. एखाद्या शिपायाने वैयक्तिक वैरातून कोणाचा जीव घेतला तरी दाद नाही काय, असे न्यायमूर्ती हंसराज खन्ना यांनी सुनावणीत विचारले, तेव्हा आणीबाणी असेपर्यंत नाही, या अर्थाचे उत्तर महान्यायवाद्यांना द्यावे लागले. एकट्या खन्ना यांनी विरुद्ध मत लिहिले, आणि पुढे त्यांना डावलून दुसऱ्यास सरन्यायाधीश केले गेले. बहुमतात आपल्या पुण्याचे यशवंतराव चंद्रचूड होते. ऑगस्ट २०१७ मध्ये तो निकाल चुकीचा होता असे सर्वोच्च न्यायालयाने म्हटले. ते लिहिणाऱ्या न्यायमूर्तींत त्यांचेच चिरंजीव धनंजय चंद्रचूड होते. राखणदाराला प्रश्न विचारण्याची मुभा काढून घेतली की काइनाचे राज्य येते, हा या साऱ्याचा मथितार्थ आहे. लोकांना बळजबरीने नाहीसे करण्याविरुद्धच्या संयुक्त राष्ट्रांच्या करारावर भारताने २००७ साली स्वाक्षरी केली, अनुसमर्थन मात्र केलेले नाही.

इथपर्यंत बहुतेक वाचक माझ्याशी सहमत असतील. हरवलेल्याचा शोध घ्यावा, सत्ताधाऱ्याला जाब विचारावा, यात दुमत होण्याजोगे काही नाही. दुसरी बाजू मात्र आपल्या घरात शिरणारी आहे.

देहोपस्थितीच्या कितीतरी याचिकांत बेपत्ता म्हणून सांगितलेला मनुष्य वस्तुतः बेपत्ता नसतो. तो कोठे आहे हे घरच्यांना ठाऊक असते. परत येत नाही, हीच त्यांची तक्रार असते. सज्ञान मुलीने आईबापांच्या मनाविरुद्ध विवाह केला. मुलगा घरदार सोडून एखाद्या पंथात गेला. की बाप न्यायालयात येऊन म्हणतो, माझे मूल कोणीतरी डांबून ठेवले आहे. कोइंबतूरजवळील ईशा फाउंडेशनच्या आश्रमात राहणाऱ्या दोन बहिणींच्या पित्याने मद्रास उच्च न्यायालयात अशीच याचिका केली होती. बहिणींचे वय ४२ आणि ३९. त्या स्वेच्छेने तेथे राहत असल्याचे त्यांनी सांगितले. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले, न्यायमूर्तींनी दोघींशी स्वतंत्रपणे संवाद साधला, आणि १८ ऑक्टोबर २०२४ रोजी, त्या सज्ञान असून आपल्या मर्जीने राहत आहेत, असे नमूद करून याचिकेचे प्रयोजन संपल्याचे ठरविले. त्या संस्थेविषयी कोणाचे काय मत असावयाचे ते असो. याचिकेतला प्रश्न त्या दोघींविषयी होता, आणि त्याचे उत्तर त्यांनीच दिले.

आईबापांना हे उत्तर क्रूर वाटते. ज्या मुलीला अंगाखांद्यावर वाढविली, तिला न्यायालयात आणून फक्त तिची इच्छा विचारायची आणि तिच्या वाटेने जाऊ द्यायचे, यात आमच्या वात्सल्याला काहीच स्थान नाही काय, असे ते विचारतात. आपल्या मंडळ्यांतूनही हा प्रश्न ऐकू येतो. परधर्मीय घरात गेलेल्या लेकीचा शोध घ्यावा असे आपल्याला वाटते, ते खरे पाहता तिला आणावे असे वाटत असते.

अशा वेळी आपण आपलाच इतिहास आठवावा. मराठी मुलखातील ख्रिस्ती मंडळीच्या बाल्यावस्थेतच हेबियस कॉर्पसने तिच्या दारावर थाप मारली होती, आणि त्या वेळी आपण प्रतिवादीच्या बाजूला होतो. १८३९ सालच्या मे महिन्यात मुंबईत धनजीभाई नवरोजी या पारशी तरुणाने डॉ. जॉन विल्सन यांच्याकडे बाप्तिस्मा घेतला. पारशी समाज खवळला. लोकांनी मिशनच्या शाळेतून मुले काढून घेतली, आणि विल्सनसाहेबांवर त्या तरुणाला न्यायालयात हजर करण्याचा आदेश बजावण्यात आला. मुंबईच्या तत्कालीन सुप्रीम कोर्टाने पाहिले की मुलगा समजत्या वयाचा आहे, आणि त्याला वाटेल तिकडे जाण्यास मोकळा केले. तो विल्सनसाहेबांबरोबर गेला. पुढे रेव्हरंड धनजीभाई नवरोजी म्हणून त्यांनी दीर्घकाळ सेवा केली, हे वाचकांना विदित आहे.

चार वर्षांनी, १८४३ साली, नारायण शेषाद्री यांनी रॉबर्ट नेस्बिट यांच्याकडून बाप्तिस्मा घेतला. जालन्याजवळ बेथेल वसविणारे ते हेच. त्यांचा धाकटा भाऊ श्रीपत हाही मिशनच्या घरी राहू लागला होता. त्याचे वय सुमारे बारा. वडिलांनी हेबियस कॉर्पस मागितला. न्यायमूर्ती अर्स्किन पेरी यांनी मुलाची इच्छा निर्णायक मानली नाही. एवढ्या वयात ताबा पित्याचा, असे ठरवून त्याला वडिलांच्या हवाली केले. त्याला पुन्हा जातीत घ्यावे यासाठी बाळशास्त्री जांभेकरांनी खटपट केली आणि पुण्यामुंबईत मोठे वादळ उठले, तो सारा वृत्तान्त मराठी वाचकाला परिचित आहे.

पहिल्या निकालाने आपल्याला आनंद झाला, दुसऱ्याने दुःख. पण दोन्ही निकालांचे सूत्र एकच आहे. समजत्या वयाच्या माणसाने स्वतःचा मार्ग निवडावा. अजाण बालकाला पालकाच्या हातून कोणी काढून घेऊ नये. श्रीपतच्या बाबतीत तो निकाल कठोर होता, कारण मुलगा रडत गेला असेल. तरीही उद्या आपले बारा वर्षांचे लेकरू दुसऱ्या कोणा धर्मगुरूच्या घरी राहू लागले, तर आपण हाच नियम मागू. आणि धनजीभाईंच्या वेळी जे स्वातंत्र्य आपण देवाची देणगी मानले, ते आपली लेक दुसरीकडे जाते तेव्हा कायद्याची पळवाट ठरत नाही. घेताना एक माप आणि देताना दुसरे, हे पवित्र शास्त्राला मान्य नाही.

यावर एक आक्षेप संभवतो, आणि तो हलका नाही. इच्छा ही नेहमी स्वतंत्र असते काय? धमकी, मोहिनी, एकान्तात केलेला उपदेश, कर्ज, लाज यांनी माणसाची जीभ बांधली जाते. न्यायालयात ‘मी माझ्या मर्जीने आहे’ म्हणणारी मुलगी घरी जाऊन रडत नसेल कशावरून? म्हणूनच अनुभवी न्यायमूर्ती अशा व्यक्तीशी दोन्ही पक्षांना दूर ठेवून आपल्या दालनात बोलतात. संशय असल्यास काही दिवस तटस्थ ठिकाणी ठेवून पुन्हा विचारतात. हे उपाय अपुरे पडू शकतात. पण मनुष्याच्या मनात याहून खोल शिरण्याचा हक्क आपण न्यायाधीशाला दिला, तर तोच हक्क उद्या आपल्या श्रद्धेची परीक्षा घेण्यास वापरला जाईल. बाप्तिस्मा मागणाऱ्या प्रौढ माणसाची इच्छा खरी की फसवणुकीने निर्माण केलेली, हा प्रश्न आपल्या देशात आजही न्यायालयांत विचारला जात आहे, याचा आपल्याला विसर पडू नये.

लूककृत शुभवर्तमानाच्या पंधराव्या अध्यायात प्रभू येशूने हरवलेल्यांचे तीन दाखले दिले आहेत. आपण ते एका दमात वाचतो आणि तिन्हींत एकच गोष्ट सांगितली आहे असे समजतो. परंतु त्यांत एक भेद आहे. मेंढरू हरवते तेव्हा मेंढपाळ बाकीची नव्याण्णव सोडून रानात जातो. नाणे हरवते तेव्हा ती स्त्री दिवा लावून घर झाडते. पुत्र निघून जातो तेव्हा मात्र पिता त्याच्या मागे जात नाही. तो चाकर पाठवीत नाही, दूर देशाच्या राजाकडे फिर्याद करीत नाही, मुलाला बांधून आणवीत नाही. त्याच्या प्रीतीत काही उणे होते असे नाही, कारण मुलगा दूर असतानाच त्याला दिसला. अर्थात वाटेवर त्याची नजर होती. मेंढराला घरची वाट कळत नाही, नाण्याला हलता येत नाही, म्हणून त्यांना शोधावे लागते. पुत्राला वाट ठाऊक आहे. त्याची वाट पाहावी लागते.

देहोपस्थितीचा आदेश मेंढरासाठी आहे. जो कोंडलेला आहे, ज्याला पळवून नेले आहे, जो आपले नावही सांगू शकत नाही, त्याच्यासाठी तो आहे. पुत्रासाठी तो वापरला तर त्याचा दोर होतो. आणि खरी अडचण अशी की, माणूस दिसेनासा होतो त्या दिवशी तो मेंढरू आहे की पुत्र, हे कोणालाच ठाऊक नसते. पोलीस पहिल्याच दिवशी ‘पुत्र आहे, येईल’ असे ठरवून मोकळे होतात, हा त्यांचा अपराध. आईबाप अखेरपर्यंत ‘मेंढरूच आहे’ असे धरून बसतात, ही त्यांची चूक. योग्य क्रम असा की, प्रथम प्रत्येकाला मेंढरू समजून शोधावे, सापडल्यावर प्रत्येकाला पुत्र समजून विचारावे. शोधल्याशिवाय विचारता येत नाही, आणि विचारल्याशिवाय घरी नेता येत नाही.

याचा व्यवहारात काय अर्थ होतो, ते थोडक्यात सांगतो. मंडळीतील कोणाचे माणूस हरवले, तर प्रार्थनेच्या विनंतीवर थांबू नये. पाळकाने व वडिलांनी त्या कुटुंबाबरोबर ठाण्यात जावे, कारण एकट्या बाईला जे उत्तर मिळते ते चौघांना मिळत नाही. प्रथम माहिती अहवालाची प्रत मागावी. तो तक्रारदाराचा हक्क आहे, आणि ती विनामूल्य मिळते. हरवलेला मनुष्य आपल्या मंडळीचा नसला तरीही जावे. हुइनिंगच्या पाळकासाठी न्यायालयात गेलेला तरुण दूर दिल्लीत शिकत होता. आणि सापडलेली सज्ञान व्यक्ती परत येऊ इच्छित नसेल, तर त्या आईबापांच्या शेजारी बसावे. त्यांना आणखी एका याचिकेचे बळ देऊ नये, पण लेकीचे नाव कुटुंबातून पुसण्याचे बळही देऊ नये. दार उघडे ठेवण्यास त्यांना साहाय्य करावे.

जे आपले नावगाव सांगू शकत नाहीत, त्यांच्याकडे तर सर्वांत आधी पाहावयास हवे. चेन्नईतच १९९३ साली वंदना गोपीकुमार आणि वैष्णवी जयकुमार या दोन तरुणींनी ‘द बॅनियन’ ही संस्था काढली. रस्त्यावर भटकणाऱ्या मनोरुग्ण स्त्रियांना आश्रय, उपचार आणि शक्य तेथे घरचा पत्ता मिळवून देण्याचे कार्य ती करते. आपल्या महाराष्ट्रात कर्जत येथे डॉ. भरत वाटवानी यांची श्रद्धा संस्था हेच काम करीत आली आहे, आणि २०१८ साली त्यांना मॅगसेसे पुरस्कार मिळाला. उपचारानंतर रुग्णाला एक दिवस आपल्या गावाचे नाव आठवते, आणि कार्यकर्ते त्याला घेऊन त्या गावी जातात. कोणत्यातरी ठाण्याच्या वहीत तो मनुष्य वर्षानुवर्षे हरवलेला म्हणून नोंदलेला असतो. आपल्या उपासना मंदिराच्या पायरीवर बसलेला भिकारी अशाच एखाद्या वहीतला असू शकेल. नाणे दूर देशी गेलेले नसते. ते घरातच, केराखाली पडलेले असते.

सात वर्षे ज्याची काही वार्ता नाही, तो मृत झाला असे कायदा गृहीत धरतो. वारसा, विवाह, पेन्शन यांसाठी अशी मर्यादा घालावीच लागते, आणि त्यात गैर काही नाही. परंतु तो मनुष्य कोठे आहे, हा प्रश्न सात वर्षांनी मिटत नाही. ज्याच्या हाती राखणदारी होती त्याने त्याचे उत्तर देणे बाकीच राहते. शासन असो, मंडळी असो वा कुटुंब असो, ज्याला ज्याला भाऊ दिलेला आहे, त्याला त्याला ते द्यावयाचे आहे.